आडनाव कायले लागते?

मागच्या दिवाळीत वर्ध्याला गेलो ते फराळ खायला, पण सुट्टीतले चार दिवस झेरॉक्सच्या दुकानात गेले. चुलत बहीण बारावीला आहे. जात वैधता प्रमाणपत्राचा अर्ज बारावीतच करून ठेवलेला बरा, नाहीतर प्रवेशाच्या वेळी धावपळ होते. घरात 'कॉम्प्युटरवाला' मी एकटाच, त्यामुळे वंशावळ टाइप करण्याचं काम अर्थातच माझ्याकडे आलं. म्हटलं अर्ध्या तासाचं काम आहे. चौकोन काढायचे, रेघा जोडायच्या, खाली प्रिंट.

ओबीसींसाठी १३ ऑक्टोबर १९६७ च्या आधीचा पुरावा लागतो. तोही सापडला. आजोबांची शाळेतली नोंद, १९४८ सालची. दाखल-खारीज रजिस्टरच्या त्या पिवळ्या पानावर आजोबांचं नाव होतं, पणजोबांचं नाव होतं, जात होती, गाव होतं. फक्त आडनाव नव्हतं! बाबांच्या १९७२ च्या नोंदीत मात्र आडनाव व्यवस्थित, पूर्ण. म्हणजे मधल्या चोवीस वर्षांत कधीतरी आमच्या घराण्यात आडनाव नावाची गोष्ट दाखल झाली आणि आम्हाला कुणाला पत्ताच नव्हता.

आणि खरी मजा पुढे आहे. त्याच रजिस्टरमध्ये दोन पानं पुढे आणखी एक मुलगा होता. नाव तेच, बापाचं नाव तेच, जात तीच. कागद बघणाऱ्या माणसाने विचारलं, "हा तुमचा की तो तुमचा?" प्रश्न अगदी रास्त होता, आणि माझ्याकडे उत्तर नव्हतं.

घरी येऊन आजीला विचारलं. तिला या सगळ्या प्रकरणाचंच नवल वाटलं.

"अरे बावा, गावात आडनाव कायले लागते? सारे ओयखतेत ना!"

"पण दोघांचं नाव एकच होतं तर हाक कशी मारायचे?"

"त्याले आंब्याखालचा म्हनत, अन् यायले पांदनीवरचे."

('यायले' म्हणजे आजोबांना. आजीने आजोबांचं नाव आजपर्यंत उखाण्याशिवाय घेतलेलं नाही.)

आता आपण जे लोक पोटापाण्यासाठी कोड लिहितो, त्यांना हे लगेच कळेल. नाव युनिक असावं लागतं ते एका ठरावीक हद्दीत. आमच्या भाषेत त्याला नेमस्पेस म्हणतात. दीडशे घरांच्या गावात एक नाव आणि बापाचं नाव एवढं पुरतं. तेही कमी पडलं तर आंबा आणि पांदण आहेच. आडनाव ही गावाची गरज नव्हतीच. ती गावाबाहेरच्या माणसाची गरज होती, जो तुम्हाला ओळखत नाही पण ज्याला तुमची नोंद करायची आहे.

वर्धा जिल्ह्याचे जुने कागद बघितले की हे फार स्पष्ट दिसतं. नागपूरपासून तोडून १८६२ मध्ये हा जिल्हा झाला, १८६६ मध्ये पालकवाडी नावाच्या खेड्याच्या जागी वर्धा शहर वसवायला घेतलं. मध्य प्रांताचा कारभार, मालगुजारीची पद्धत. त्या कारभारातल्या नोंदी म्हणजे 'अमुक वल्द तमुक, जात अमुक, राहणार अमुक'. वल्द हा अरबी शब्द, अर्थ मुलगा. पश्चिम महाराष्ट्रातल्या जुन्या कागदांत त्याच जागी 'बिन' येतो, तोही अरबीच. बाई असेल तर 'जौजे', म्हणजे बायको, किंवा 'बेवा', म्हणजे विधवा. बस, संपली ओळख.

आपल्याला वाटतं हा मागासलेपणा. पण आइसलँडमध्ये आजही बहुसंख्य लोकांना आडनाव नसतं. बापाच्या (किंवा आईच्या) नावाला मुलासाठी 'सोन' आणि मुलीसाठी 'दोत्तिर' जोडतात, आणि तिथली छापील टेलिफोन डिरेक्टरी पहिल्या नावाने लावलेली असायची. वेल्समध्ये वल्दच्या जागी 'आप' होतं. 'आप राइस'चं झिजून 'प्राइस' झालं आणि 'आप हॉवेल'चं 'पॉवेल'. म्हणजे तिकडचे प्राइससाहेब आणि आमचे वल्दवाले पणजोबा एकाच पद्धतीचे. फक्त त्यांचं वल्द गोठून आडनाव झालं आणि आपलं वल्द सरकून मधे गेलं.

हो, मधे गेलं. मिडल नेम! आपण मराठी लोक ज्याला मधलं नाव म्हणतो ते म्हणजे पुसून टाकलेलं 'वल्द'. बाहेरदेशच्या कुठल्याही फॉर्मला हे समजत नाही. परदेशातल्या टीमबरोबर काम केलेल्या प्रत्येकाने आपल्या वडिलांच्या नावाने आलेला ईमेल एकदा तरी वाचला असेल. पॅट्रिक मॅकेंझी नावाच्या प्रोग्रॅमरने २०१० मध्ये एक छोटा लेख लिहिला होता, प्रोग्रॅमर लोक नावांबद्दल काय काय चुकीचं गृहीत धरतात त्याची यादीच. प्रत्येकाला पहिलं आणि शेवटचं नाव असतं, नाव बदलत नाही, वगैरे वगैरे. ती वाचताना मी हसलो होतो. १९४८ चं रजिस्टर बघितल्यावर कळलं की आमचं घराणं त्या यादीतल्या बऱ्याच ओळींत बसतं.

आता नावांकडे. त्या रजिस्टरमधली पोरांची नावं वाचत बसलो आणि मूळ काम राहिलं बाजूला. सोमा, मंगरू, बुधा, शुक्रा. ज्या वारी जन्मला तो वार. हे फक्त आपल्याकडचं नाही. घानामधल्या अकान लोकांत अगदी हाच रिवाज आहे. संयुक्त राष्ट्रसंघाचे सरचिटणीस होते ते कोफी अन्नान. कोफी म्हणजे शुक्रवारी जन्मलेला. ८ एप्रिल १९३८, खरोखरच शुक्रवार होता. घानाचे पहिले अध्यक्ष क्वामे एन्क्रुमा, क्वामे म्हणजे शनिवारचा. आपल्याकडे मात्र 'शुक्रा' म्हटलं की खेडवळ आणि 'कोफी' म्हटलं की सरचिटणीस!

दुसरा प्रकार म्हणजे उकंडा, कचरू, दगडू, धोंडू, भिकू. उकंडा म्हणजे उकिरडा. आधीची मुलं जगली नाहीत की पुढच्याला असं नाव ठेवायचं, म्हणजे दृष्ट लागत नाही, यमाला वाटतं हा काही न्यायच्या लायकीचा नाही. मागच्या पिढीतली शहरी माणसं या नावांना हसतात. पण जरा विचार करा. ज्या आईने पोराचं नाव उकंडा ठेवलं तिने त्याआधी किती पोरं पुरली असतील? नावाच्या मागे केवढं प्रेम आणि केवढी भीती आहे. मला तरी आजकालच्या, इंटरनेटवर शोधून ठेवलेल्या अडीच अक्षरी नावांपेक्षा उकंडा जास्त खरं वाटतं.

याची काळी बाजूही आहे. 'नकोशी' हे नाव वाईट दृष्टीपासून वाचवण्यासाठी नव्हतं, ते खरंच नको होती म्हणून होतं. २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींना समारंभ करून नवीन नावं दिली गेली. म्हणजे दोन्ही नावं सारखीच कुरूप, पण एक मूल राहावं म्हणून ठेवलेलं आणि दुसरं ते आलं म्हणून. फरक फक्त मुलगा की मुलगी एवढाच.

बरं, मग आडनावं आली कुठून? काही हुद्द्यातून: देशमुख, देशपांडे, पाटील, पटवारी. राऊत हे मूळ 'राजपुत्र'. काही गावावरून. कोकणात, पश्चिम महाराष्ट्रात गावाला 'कर' लावतात. आमच्याकडे 'कर' आहेतच, पण गावाला नुसता एकार लावूनही काम भागतं. नागपूरचे ते नागपुरे, वानखेडचे ते वानखेडे. काही धंद्यावरून. वर्ध्यात बजाज हे नाव रस्त्यापासून शाळेपर्यंत सगळीकडे दिसतं. मूळ अरबी बज्जाज, म्हणजे कापडाचा व्यापारी. आणि जमनालाल बजाजांनी ज्यांना वर्ध्यात आणलं त्या गांधींचं आडनावही दुकानातलंच, सुगंधी द्रव्यं आणि किराणा विकणारा तो गांधी.

पण आमच्या जिल्ह्यातली सगळ्यात जुनी, सगळ्यात पद्धतशीर आडनावं माझ्या मते गोंडांची. मडावी, उईके, टेकाम, आत्राम, कुमरे, धुर्वे. शाळेत माझ्या बेंचवर बसणाऱ्या मित्राचं आडनाव यांतलंच होतं आणि मला तेव्हा त्याचा अर्थ विचारावा असं सुचलंसुद्धा नाही. गोंडीत टेका म्हणजे सागवान, त्यावरून टेकाम. मरका म्हणजे आंबा, त्यावरून मरकाम. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी १९१६ मध्ये मध्य प्रांतातल्या जातीजमातींवर चार खंड छापले, त्यात ही कुळं आणि त्यांची झाडं-प्राणी नोंदवलेले आहेत. शिवाय प्रत्येक कुळ चार देवे, पाच देवे, सहा देवे की सात देवे हे ठरलेलं. एकाच देवसंख्येच्या दोन कुळांत लग्न होत नाही. म्हणजे नुसतं आडनाव ऐकून समोरचा आपला भाऊ लागतो की सोयरा हे कळतं. ज्यांना आपण 'मागास' म्हणत आलो त्यांच्याकडे आडनावाला आतून अर्थ होता, सरकार दरबारी नोंद करायला येण्याच्या कितीतरी आधीपासून.

बाकी जगात बहुतेकांना आडनाव सरकारने घ्यायला लावलं. फिलिपिन्समध्ये १८४९ साली गव्हर्नर क्लावेरियाने आडनावांचा छापील कॅटलॉगच गावोगाव पाठवला, घ्या यातलं एक. काही गावांत त्यामुळे सगळ्यांची आडनावं एकाच अक्षरावरून सुरू होतात. जपानने १८७५ मध्ये सक्ती केली. तुर्कस्तानने १९३४ मध्ये कायदा केला आणि मुस्तफा केमाल 'अतातुर्क' झाले. कारणं सगळीकडे थोड्याफार फरकाने तीच. कर गोळा करायचा, सैन्यात भरती करायची, यादी नीट लावायची. आपल्याकडे असा एकच कायदा झाला नाही. शाळामास्तर, पटवारी, भरती करणारा हवालदार, ज्याच्या पुढ्यात जो फॉर्म होता त्याने तो भरला. बाबासाहेबांचं उदाहरण बघा. घराणं सकपाळ, गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. साताऱ्याच्या शाळेत ७ नोव्हेंबर १९०० ला प्रवेश झाला आणि रजिस्टरवर चढलं 'भिवा रामजी आंबेडकर'. आज महाराष्ट्रात तो दिवस विद्यार्थी दिवस म्हणून पाळतात. शाळेच्या रजिस्टरातली एक ओळ पुढे केवढी होते!

नेमस्पेसवरून आठवलं. वर्ध्यात एका गावाच्याच नावाचा असा घोळ झाला होता. १९३६ मध्ये गांधीजी वर्ध्याजवळच्या ज्या खेड्यात राहायला गेले त्याचं नाव शेगाव. त्याची मालगुजारी जमनालाल बजाजांकडे. आता बुलढाण्यातलं शेगाव तर सगळ्यांना माहीत आहे, गजानन महाराजांचं, आणि तेही याच रेल्वे लाइनवर. झालं, जगभरातून गांधीजींना येणारी पत्रं जायला लागली तिकडे. शेवटी १९४० मध्ये गावाचं नाव बदलून सेवाग्राम केलं. पुस्तकांत सेवेचा आदर्श वगैरे येतो, तो आहेच, पण बदलाचं निमित्त होतं चुकीच्या पत्त्यावर जाणारी टपाल. जोपर्यंत शेगाव पंचक्रोशीपुरतं होतं तोपर्यंत नाव पुरत होतं. जगाने पत्रं पाठवायला सुरुवात केली आणि ते अपुरं पडलं. आजोबांचंही तेच झालं की!

त्या काळचं वर्धा म्हणजे नावं बदललेल्या माणसांचं गावच. विनायक नरहरी भावे आश्रमात 'विनोबा' झाले, विठोबा-तुकोबाच्या चालीवर. इंग्रज अ‍ॅडमिरलची मुलगी मॅडलिन स्लेड 'मीराबेन' झाली आणि गांधीजींच्याही आधी शेगावात जाऊन राहिली. मगनवाडीत ग्रामोद्योग संघाचं काम करणारे अर्थतज्ज्ञ जोसेफ कॉर्नेलियस यांनी घराण्यातलं जुनं नाव परत घेतलं आणि ते जे. सी. कुमारप्पा झाले. ही सगळी मोठी माणसं, त्यांनी नाव स्वतःच्या इच्छेने बदललं किंवा आनंदाने स्वीकारलं. १९५६ नंतर विदर्भात घराघरांत सिद्धार्थ, राहुल, मिलिंद, सुजाता, यशोधरा अशी नावं आली, तीही अशीच, आपणहून आणि अभिमानाने. त्यांनी मुलांची नावं बदलली, पण आडनावं बहुतेकांची तीच राहिली.

आणि शहरात अडतं ते आडनावावर. तुम्ही पुण्यात भाड्याने फ्लॅट शोधला असेल तर 'पूर्ण नाव काय?' हा प्रश्न कुठल्या सुरात येतो ते तुम्हाला माहीत आहे. पहिल्या नावात त्यांना काहीच रस नसतो. विदर्भातल्या आडनावांनी मात्र या लोकांची चांगली पंचाईत केली आहे. वानखेडे कुणबी असतात, माळी असतात, बौद्ध असतात. मेश्राम बौद्धही असतात आणि गोंडही. मग पुढचा प्रश्न येतो, "म्हणजे कोणते वानखेडे?" माझ्या एका मित्राचं यावर ठरलेलं उत्तर आहे, "वर्ध्याचे." आणि पुढे गप्प बसतो. समोरच्याचा चेहरा बघण्यासारखा होतो :-)

असो. आमच्या भानगडीचं पुढे काय झालं? उपाय सुचला तो गावातल्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्याला. तो म्हणाला, नाव कायले पाहतेस, वावर पाय. मालगुजारी १९५१ मध्ये संपली, त्यानंतर कुणाची कुठली जमीन याची नोंद झाली, त्याला आमच्याकडे १९५४-५५ चा अधिकार अभिलेख म्हणतात. त्यात पणजोबांचं नाव होतं, वल्दसकट, बिनआडनावाचं, आणि समोर शेताचा नंबर. तेच शेत पुढे फेरफार होत होत आजोबांच्या आणि मग बाबा-काकांच्या नावावर आलं, आडनावासकट. आंब्याखालच्यांचं शेत वेगळं. जुळलं! नावं बदलली, शुद्धलेखन बदललं, आडनाव उगवलं, पण शेत जागचं हललं नाही. डेटाबेसच्या भाषेत सांगायचं तर प्रायमरी की नाव नव्हतीच, शेत होतं.

मी जाम खूश झालो. त्या आनंदात मित्राला फोन केला, तोच बेंचवरचा. सगळं ऐकून तो म्हणाला, "बरं झालं रे. आमच्याकडे शेतच नव्हतं."

मग जरा वेळ काही सुचलं नाही. अनुसूचित जातीजमातींसाठी तर पुरावा १९५० च्या आधीचा मागतात, विमुक्त आणि भटक्यांसाठी १९६१ च्या आधीचा. ज्यांना गावात जमीन नव्हती, शाळेच्या पायरीवर ज्यांना बसू दिलं नव्हतं, जे एका गावात राहतच नव्हते, त्यांनी कुठल्या रजिस्टरमध्ये नाव शोधायचं? काही जमातींची नावं सरकारने लिहून घेतली होती खरी, १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याखाली, हजेरी लावायला. तो कायदा १९५२ मध्ये गेला. म्हणजे ज्याच्याकडे वावर त्याची ओळख वावरात, आणि ज्याच्याकडे काहीच नाही त्याची ओळख पोलिसांच्या वहीत. ज्या माणसासाठी सवलत ठेवली, कागद नेमका त्याच्याकडेच सगळ्यात कमी. मी अर्ध्या तासाचं काम चार दिवस लागलं म्हणून कुरकुर करत होतो. तो दोन वर्षं फिरला होता, आणि मला त्याने कधी सांगितलंही नव्हतं. मी विचारलं नव्हतं हे जास्त खरं.

शेवटी वंशावळ प्रिंट करून घरी आणली. आजीने चष्मा लावला, कागद जवळ धरला, बोट फिरवत फिरवत सगळे चौकोन वाचले. तिला वाचता येतं, चौथी शिकलेली आहे. मग म्हणाली, "माहं नाव कुठी हाय याच्यात?"

नव्हतं. वंशावळ बापाच्या बाजूने काढतात. त्यात आजी नाही, आई नाही, काकू नाही. ज्या बहिणीसाठी सगळा खटाटोप, ती आहे, कारण तिचं लग्न अजून झालेलं नाही. पुरुषाचं वल्द निदान मधल्या नावात शिल्लक राहिलं. बाईचं लग्नाच्या दिवशी ताटातल्या तांदळात नवीन नाव लिहिलं की मधलंही गेलं, शेवटचंही गेलं, आणि बरेचदा पहिलंसुद्धा. आता १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचं नाव लिहायचा नियम राज्य सरकारने केला आहे. मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. ज्यांनी फॉर्मचे रकाने बनवले त्यांना नवीन काम लागलं असणार. लागू दे.

त्या रात्री आजीने आम्हाला तिचं माहेरचं नाव सांगितलं. पंचाऐंशीच्या आसपासची बाई, आणि घरातल्या एकालाही ते नाव माहीत नव्हतं. बाबांनासुद्धा नाही. (इथे लिहीत नाही, तिला विचारलेलं नाही.) बहिणीने लगेच पेन घेऊन वंशावळीच्या एका झेरॉक्सवर आजोबांच्या शेजारी चौकोन काढला आणि आजीची दोन्ही नावं त्यात लिहिली. ती प्रत अर्जाला चालणार नाही. ती आता घरच्या कपाटात, शेताच्या कागदांबरोबर ठेवली आहे.

पुढच्या वेळी गावी जाल तेव्हा आडनावाचा अर्थ गूगलवर शोधण्याआधी आजीला विचारा. आधी तिचं नाव विचारा.